आधी विचारा, मगच वीज द्या!



हॉस्टेलच्या पॅसेजमध्ये छताला चिकटवलेली ती पांढरी, चपटी डबी तुम्ही रोज बघता. वाय-फाय गेलं की आपण सगळे मान वर करून तिच्याकडे बघतो आणि तिला नावं ठेवतो. पण एक गोष्ट कधी लक्षात आली आहे का? तिला प्लगच नाही! आजूबाजूला विजेचं सॉकेट नाही, अडॅप्टर नाही. मागून एक निळी केबल येते, बस्स. तीच केबल डेटा आणते. मग तिचा तो छोटा दिवा लागतो कशावर?

याचं उत्तर म्हणजे 'पॉवर ओव्हर इथरनेट', थोडक्यात 'पीओई'. नेटवर्कचा स्विच डेटाच्या केबलमधूनच वीजही पाठवतो. परीक्षेत ही शॉर्ट नोट येते. मी ती पाठ केली होती, मार्कही मिळाले होते. तरीसुद्धा एका संध्याकाळी मी माझ्या रूममेटचा लॅपटॉप जाळला. हा लेख त्या जळलेल्या लॅपटॉपमुळे लिहिते आहे. माझं शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये झालं, त्यामुळे मराठीत कुठे चुकलं तर सांभाळून घ्या. विज्ञानात मात्र चुकू नये म्हणून या वेळी सगळी गणितं दोनदा केली आहेत.

काय घडलं?

माझ्या रूममेटचं गाव देवरुखच्या बाजूला. तिच्या बाबांची हापूसची कलमं आहेत आणि वानरांचा त्रास किती असतो हे कोकणातल्या माणसाला वेगळं सांगायला नको. म्हणून आम्ही दोघींनी मिनी प्रोजेक्ट घेतला : बागेत कॅमेरा लावायचा आणि वानरांची टोळी कुठल्या वेळी, कुठल्या बाजूने येते ते बघायचं. कॅमेरा पीओईवर चालणारा होता. स्विच परवडत नव्हता, म्हणून ऑनलाइन एक स्वस्तातला 'इंजेक्टर' मागवला. इंजेक्टर म्हणजे एक छोटी डबी. एका बाजूने साधी नेटवर्कची केबल आत जाते, दुसऱ्या बाजूने डेटा आणि ४८ व्होल्ट एकत्र बाहेर पडतात.

सबमिशनच्या आदल्या संध्याकाळी लाईट दोनदा गेली. टॉर्चच्या उजेडात मी केबल्स काढून परत लावल्या. डबीवर दोन सारखीच सॉकेट होती, एकावर 'डेटा', दुसऱ्यावर 'पीओई' असं बारीक अक्षरात लिहिलेलं. लाईट आली आणि पाच-सहा सेकंदांत जळका वास सुटला. लॅपटॉपची केबल मी चुकीच्या बाजूला लावली होती. स्क्रीन बंद झाली ती झालीच.

दुसऱ्या दिवशी नेटवर्क लॅबच्या काकांकडे गेलो. त्यांनी मागचं कव्हर उघडलं, लॅनच्या पोर्टमागे बोर्ड काळा पडलेला दाखवला आणि विचारलं, "काय गो, डबीने त्याला विचारलंन् तरी काय, की वीज हवी का म्हणून?"

मला वाटलं काका चेष्टा करतायत. पण तोच खरा प्रश्न होता.

आजीचा फोन

विचारण्याकडे येण्याआधी थोडं मागे जाऊ. तारेतूनच बोलणं आणि तारेतूनच वीज, ही कल्पना नवीन नाही. आमच्या आजीकडे जुना लँडलाइन फोन होता. पावसाळ्यात लाईट गेली की घरातलं सगळं बंद पडायचं, पण फोन उचलला की 'टूँ' असा आवाज यायचाच! लहानपणी मला ती जादू वाटायची.

त्यात जादू काही नव्हती. अगदी सुरुवातीच्या काळात प्रत्येक टेलिफोनजवळ स्वतःची बॅटरी असायची. १९व्या शतकाच्या अखेरीस ती पद्धत बदलू लागली आणि सगळ्यांसाठी एकच मोठी बॅटरी एक्स्चेंजमध्ये बसू लागली. तिथून ४८ व्होल्ट डीसी तारांच्या जोडीतून प्रत्येक घरात जायचे, त्याच जोडीतून आवाजही जायचा. एक्स्चेंजमध्ये बॅटऱ्यांची रांग आणि जनरेटर, त्यामुळे गावात अंधार असला तरी फोन जिवंत.

पुढे फायबर आलं. फायबर म्हणजे काच. काचेतून प्रकाश जातो, वीज जात नाही. म्हणून घरातल्या फायबरच्या डबीला घरातलीच लाईट लागते. वेग शेकडो पटींनी वाढला, पण 'लाईट गेली तरी फोन चालू' हे सुख गेलं. पीओईने तेच सुख एका इमारतीपुरतं परत आणलं आहे, आणि तेही साधारण त्याच व्होल्टेजवर!

एकाच तारेत दोघं कसे मावतात?

नेटवर्कच्या केबलमध्ये आठ तारा असतात, दोन-दोनच्या चार जोड्या. प्रत्येक जोडीच्या दोन्ही टोकांना एक इवलासा ट्रान्सफॉर्मर असतो. तो फक्त दोन तारांमधला 'फरक' बघतो.

हे समजायला शिमग्यातली पालखी आठवा. एका बाजूचा खांदा वर गेला आणि दुसऱ्या बाजूचा खाली गेला की पालखी झुकते. दोन्ही खांदे एकदम सारखे वर उचलले तर पालखी वर जाते, पण झुकत नाही. डेटा म्हणजे हे झुकणं. वीज म्हणजे दोन्ही खांदे एकदम उचलणं. ट्रान्सफॉर्मरला झुकणं तेवढं कळतं.

प्रत्यक्षात स्विच ट्रान्सफॉर्मरच्या वाइंडिंगच्या बरोबर मधोमध वीज सोडतो. करंट दोन्ही तारांत निम्मा-निम्मा वाटला जातो. दोन निम्म्यांची चुंबकीय क्षेत्रं एकमेकांना रद्द करतात, त्यामुळे डेटाला धक्का लागत नाही. एका जोडीतून करंट जातो आणि दुसऱ्या जोडीतून परत येतो. डेटाच्याच जोड्या वापरल्या (१-२ आणि ३-६ पिन) तर ती 'ए' पद्धत. १०० एमबीपीएसच्या जमान्यात रिकाम्या असलेल्या जोड्या (४-५ आणि ७-८ पिन) वापरल्या तर ती 'बी' पद्धत. उपकरणाने दोन्ही पद्धती स्वीकारायला हव्यात, असा नियम आहे. आत पोहोचलेल्या ४८ व्होल्टचे ५ किंवा ३.३ व्होल्ट करायचं काम उपकरणातला कन्व्हर्टर करतो.

स्विच विचारतो कसा?

आता काकांचा प्रश्न. स्विचच्या पोर्टात कोण काय लावेल याचा नेम नाही. कॅमेरा, प्रिंटर, जुना पीसी, काहीही. सरसकट ४८ व्होल्ट सोडले तर निम्मी उपकरणं जळतील. म्हणून २००३ साली आय ट्रिपल ईने ८०२.३एएफ हे स्टँडर्ड ठरवलं, तेव्हा त्यात आधी विचारपूस करणं सक्तीचं केलं. (त्याआधी २०००च्या सुमारास सिस्कोने आपल्या फोनसाठी स्वतःची पद्धत आणली होती, पण ती त्यांच्यापुरतीच होती.) ही विचारपूस अशी चालते :

पहिली पायरी, ओळख. स्विच सुरुवातीला फक्त २.७ ते १०.१ व्होल्टच्या दरम्यान अगदी हलकासा दाब देऊन बघतो. पीओईच्या प्रत्येक उपकरणात सुमारे २५ किलो-ओहमचा रोध ठेवलेला असतो. तीच त्याची खूण. समजा स्विचने दाब ४ व्होल्टवरून ८ व्होल्टवर नेला आणि करंट ०.१६ मिलिअँपिअरने वाढला, तर ४ भागिले ०.१६, म्हणजे २५ किलो-ओहम. ओळख पटली! दोन वेळा मोजायचं कारण असं की उपकरणाच्या तोंडाशी डायोड असतात, ते थोडे व्होल्ट खातात. दोन मापांची वजाबाकी केली की डायोडचा हिशेब आपोआप निघून जातो. उत्तर १९ ते २६.५ किलो-ओहमच्या मध्ये आलं तर पुढे जायचं. त्यापासून फार लांब आलं तर पोर्टात डेटा चालू, वीज बंद.

दुसरी पायरी, भूक किती? स्विच दाब १५.५ ते २०.५ व्होल्टपर्यंत नेतो आणि उपकरण किती करंट ओढतं ते बघतो. ९ ते १२ मिलिअँपिअर म्हणजे क्लास १, १७ ते २० म्हणजे क्लास २, २६ ते ३० म्हणजे क्लास ३. त्यावरून या ताटात किती वाढायचं ते ठरतं.

तिसरी पायरी, वाढणं. आता पूर्ण दाब, ४४ ते ५७ व्होल्टच्या मध्ये.

चौथी पायरी, लक्ष ठेवणं. उपकरणाने किमान १० मिलिअँपिअर ओढत राहायला हवं. करंट त्याखाली गेला आणि साधारण ०.४ सेकंद तसाच राहिला, तर स्विच समजतो की केबल काढली, आणि वीज बंद करतो. म्हणून तुम्ही तीच केबल काढून लगेच लॅपटॉपला लावलीत तरी चालतं. विचारपूस पुन्हा पहिल्यापासून होते.

मग लॅपटॉप का जळला?

कारण आमचा इंजेक्टर 'पॅसिव्ह' होता. म्हणजे न विचारता देणारा. त्याच्या ४-५ आणि ७-८ पिनांवर ४८ व्होल्ट सदैव हजर.

बऱ्याच लॅन कार्डांत प्रत्येक जोडीच्या मध्यबिंदूला ७५ ओहमचा एक रोध असतो, नको असलेला नॉइज शोषायला. दोन जोड्यांमध्ये असे दोन रोध, म्हणजे १५० ओहम. ४८ भागिले १५०, म्हणजे ०.३२ अँपिअर. पॉवर झाली ४८ गुणिले ०.३२, म्हणजे सुमारे १५ वॅट! प्रत्येक रोधाच्या वाट्याला साडेसात वॅट. हा रोध मोहरीएवढा असतो आणि वॅटचा एक लहानसा अंश सोसण्यासाठी बनवलेला असतो. जळणारच की तो.

त्या जागी स्टँडर्ड स्विच असता तर त्याने हलक्या दाबाने मोजलं असतं, २५ किलोऐवजी १५० ओहम दिसले असते आणि त्याने वीज सोडलीच नसती. सगळा फरक त्या एका प्रश्नाचा.

१२.९५ हा विचित्र आकडा कुठून आला?

८०२.३एएफमध्ये स्विच १५.४ वॅट देतो आणि उपकरणाला हमखास १२.९५ वॅट मिळतात, हे आपण पाठ करतो. पण का? हे गणित इतकं सोपं आहे की पाठ करायची गरजच नाही. स्विचचा कमीत कमी दाब ४४ व्होल्ट, करंट जास्तीत जास्त ०.३५ अँपिअर. ४४ × ०.३५ = १५.४. शंभर मीटर जुन्या केबलचा जाऊन-येऊन रोध २० ओहम धरला, तर ०.३५ × २० = ७ व्होल्ट वाटेतच जातात. उरले ३७. आणि ३७ × ०.३५ = १२.९५! उरलेले २.४५ वॅट केबल गरम करण्यात गेले.

आता विचारा, ४८च्या जवळपासच का, आपल्या राऊटरच्या अडॅप्टरसारखे १२ व्होल्ट का नाहीत? २० ओहमच्या केबलमधून १२ व्होल्टवर जास्तीत जास्त किती पॉवर पोहोचेल? पहिल्या वर्षाचं मॅक्झिमम पॉवर ट्रान्सफर थिअरम आठवा : व्होल्टेजचा वर्ग भागिले चौपट रोध. १४४ भागिले ८०, म्हणजे १.८ वॅट. त्यात छतावरची डबी चालणार नाही. आणि मग सरळ २३० का नाहीत? कारण सुमारे ६० व्होल्ट डीसीच्या खाली स्पर्श झाला तरी सहसा धोका नसतो. ४८ हा दोन्हींमधला सुवर्णमध्य आहे.

भूक पुढे वाढत गेली. २००९ साली ८०२.३एटी आलं : स्विचकडून ३० वॅट, उपकरणाला २५.५. हेही स्वतः काढून बघा : ५० व्होल्ट, ०.६ अँपिअर, केबल १२.५ ओहम. २०१८ साली ८०२.३बीटी आलं. त्यात चारही जोड्या वापरून स्विच ९० वॅटपर्यंत देतो आणि उपकरणाला ७१.३ वॅट मिळतात.

बॅटरी कुठे ठेवायची?

हा प्रश्न आपल्या जिल्ह्याला फार जवळचा आहे. ३ जून २०२० रोजी 'निसर्ग' चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर आलं आणि आपल्याकडे दापोली, मंडणगड भागात विजेचे खांब आडवे झाले. कित्येक गावं कित्येक दिवस अंधारात होती. वीज गेली, मागोमाग मोबाइलही गेले. आपलं माणूस सुखरूप आहे का, हेसुद्धा कळेना. अशा वेळी संपर्क कशावर टिकतो? बॅटरीवर.

समजा एका हॉस्टेलमध्ये आठ ॲक्सेस पॉइंट आहेत. प्रत्येकाला अडॅप्टर असेल तर लाईट गेल्यावर आठ ठिकाणी बॅकअप हवा. कोण ठेवतं? पण पीओई असेल तर सगळी वीज एका स्विचमधून जाते. आठ पॉइंट प्रत्येकी १० वॅट, म्हणजे ८०, स्विचचे स्वतःचे ३० धरा, एकूण ११० वॅट. इन्व्हर्टरची एक १२ व्होल्ट, १०० अँपिअर-अवरची बॅटरी म्हणजे १२०० वॅट-अवर. त्यातले निम्मेच वापरता येतील असं धरलं तरी पाच तासांपेक्षा जास्त वेळ अख्ख्या हॉस्टेलचं वाय-फाय चालेल. अगदी आजीच्या एक्स्चेंजसारखं!

मात्र याची दुसरी बाजूही आहे. सगळं एका ठिकाणी आणलं की त्या ठिकाणाला जपावं लागतं. २२ जुलै २०२१ रोजी वाशिष्ठीचं पाणी चिपळूणच्या बाजारपेठेत शिरलं, तेव्हा तळमजल्यावरचं जे जे होतं ते पाण्याखाली गेलं. जिथे पाणी भरतं तिथे स्विच आणि बॅटरी वरच्या मजल्यावरच हवी.

हॉस्टेलकरांसाठी काही नियम

१. इंजेक्टर घेताना त्यावर ८०२.३एएफ किंवा एटी लिहिलेलं बघा. नुसतं '४८ व्होल्ट' किंवा '२४ व्होल्ट पीओई' लिहिलं असेल तर तो बहुधा न विचारता देणारा आहे. 'पीओई'च्या बाजूवर रंगीत चिकटपट्टी लावून ठेवा.

२. केबल शुद्ध तांब्याची घ्या. बाजारात ॲल्युमिनियमवर तांब्याचा मुलामा दिलेली स्वस्त केबल भरपूर मिळते. ॲल्युमिनियमचा रोध तांब्याच्या दीडपटीहून जास्त, म्हणजे वरच्या हिशेबात वाटेतली गळतीही तितकीच जास्त. तार ब्लेडने खरवडा. आत पांढरी दिसली तर परत करा.

३. स्विचला २४ पोर्ट आहेत म्हणजे २४ उपकरणांना पूर्ण वीज मिळेल असं नाही. एकूण वॅटचं बजेट वेगळं लिहिलेलं असतं. समजा ते १९५ वॅट असेल, तर १५.४ प्रमाणे बाराच ताटं वाढता येतील. तेरावा उपाशी!

४. एका इमारतीतून दुसऱ्या इमारतीत उघड्यावरून तांब्याची केबल नेऊ नका. मे-जूनमधल्या आणि ऑक्टोबरमधल्या आपल्याकडच्या विजा आठवा. जवळ वीज कोसळली तर तीच केबल तो झटका थेट स्विचपर्यंत आणते. इमारतींच्या मध्ये फायबर टाका, काचेतून तो झटका येत नाही.

५. आपल्या खाऱ्या, दमट हवेत कनेक्टरच्या पिना लवकर खराब होतात. वीज चालू असताना केबल वारंवार ओढून काढली की पिनांवर ठिणगी पडते आणि त्या आणखी खराब होतात. बाहेरचा जोड बंद डबीतच हवा.

आणि शेवटी...

तो लॅपटॉप रूममेटच्या बाबांनी आंब्याच्या पैशांतून घेऊन दिला होता. त्या वर्षी मोहोर गळला होता, तरीही घेतला होता. हे मला माहीत होतं, म्हणून मला तिच्याकडे बघवत नव्हतं. ती एवढंच म्हणाली, "आधी सबमिशन करू, रडायचं नंतर." आम्ही लॅबच्या पीसीवर रिपोर्ट पूर्ण केला. बोर्ड बदलायला साडेनऊ हजार लागले. ट्यूशन घेऊन मी ते सात महिन्यांत फेडले. तिने घरी सांगितलं की लॅपटॉप बिघडला होता. माझं नाव तिने आजतागायत घेतलेलं नाही. म्हणून इथे मीच सांगते आहे.

कॅमेरा बागेत लागला, या वेळी स्टँडर्ड इंजेक्टरवर. वानरं सकाळी साडेसहाच्या सुमारास वहाळाच्या बाजूने येतात, हे आम्हाला कळलं. तिच्या बाबांना ते आधीच माहीत होतं! पण फोटो बघून ते खूश झाले.

मित्रांनो, आपण इंजिनिअर होणार म्हणजे लोकांच्या घरात, बागेत, हॉस्पिटलात काही ना काही जोडणार. समोर कोण आहे, त्याला काय हवं, किती सोसेल, हे न विचारता जोडलं की काय होतं ते मी बघितलं आहे. साधा स्विचसुद्धा ४८ व्होल्ट द्यायच्या आधी विचारतो. आपणही विचारूया.